बालहाउसचा गोल ट्रॅक: तो आला कुठून आणि लावायचा कसा

प्रश्न असा आहे: मिखाएल बालहाउस या जर्मन छायालेखकाचं नाव निघालं की गोल ट्रॅकचा, म्हणजे माणसांभोवती कॅमेरा फिरवायला घातलेल्या गोल रुळांचा, आपल्याकडच्या राउंड ट्रॉलीचा विषय निघतोच. टीव्हीच्या नोकरीतून सुरुवात केलेला हा माणूस मार्टिन स्कॉर्सेसी या अमेरिकन दिग्दर्शकापर्यंत पोचला कसा, आणि कमी पैशांत मालिका किंवा लघुपट करणाऱ्याला त्याच्याकडून काय घेता येईल? शिवाय तो ३६० अंशांचा शॉट प्रत्यक्षात लावायचा कसा?

आधी थोडक्यात सांगतो. बालहाउसचा गोल ही हॉलीवूडच्या पैशाची चैन नव्हती. तो सापडला जर्मन टीव्हीसाठी १६ मिमीच्या अरुंद फिल्मवर चाललेल्या एका कामात, जिथे दिवस कमी होते आणि एकाच शॉटमध्ये दोन माणसांचं सगळं सांगायचं होतं. त्याची पुढची सगळी कारकीर्द त्या सवयीवर उभी आहे: कमी वेळात, कमी दिव्यांत, कॅमेरा हलवून प्रसंग उलगडायचा. गोल उचलायचा असेल तर ती सवय आधी उचलावी लागते.

बालहाउस १९३५ साली बर्लिनमध्ये जन्मला. आईवडील दोघेही रंगभूमीवरचे नट आणि त्यांची स्वतःची नाटक कंपनी फ्रँकोनिया भागात होती. नट कुठून आत येतो, कुठे थांबतो, वाक्य संपल्यावर त्याचं वजन कोणत्या पायावर जातं हे तो लहानपणापासून रोज पाहत होता. १९५५ साली माक्स ओफ्युल्स हा दिग्दर्शक 'लोला मोंतेस' करत असताना तरुण बालहाउसला ते चित्रीकरण बघायला मिळालं. ओफ्युल्सचा कॅमेरा नटांबरोबर वळतो, जिने चढतो, खांबांआडून सरकतो. बालहाउस पुढे कायम सांगत राहिला की कॅमेरामन व्हायचं तिथेच ठरलं. आधी त्याने छायाचित्रकाराचं रीतसर शिक्षण घेतलं आणि १९६०च्या सुमारास बाडेन-बाडेनच्या 'झ्युडवेस्टफुंक' या प्रसारण संस्थेत कॅमेरामन म्हणून लागला.

ही नोकरी लोक दोन ओळींत उरकतात, पण खरी शाळा तीच होती. त्या काळच्या जर्मन टीव्हीवर नाटकं, माहितीपट, मुलाखती, पूर्ण लांबीचे टीव्हीपट असं सगळं एकाच माणसाच्या वाट्याला यायचं. तिथे त्याने पेटर लिलिएंटाल यांच्यासारख्या दिग्दर्शकांबरोबर टीव्हीपट केले आणि पुढे बर्लिनच्या चित्रपट अकादमीत शिकवलंही. टीव्हीच्या कामात रोज काहीतरी पुरं करून द्यावंच लागतं. प्रकाशयोजना रात्रभर विचार करून सकाळी बदलू, ही सोय नसते.

साधनांचा हिशेबही बघा. १६ मिमीच्या एका फुटात ४० चौकटी (फ्रेम) बसतात, ३५ मिमीच्या एका फुटात १६. म्हणजे ४०० फुटांचं मॅगझिन (कॅमेऱ्यावरची फिल्मची डबी) टीव्हीच्या सेकंदाला २५ चौकटींच्या वेगाने १६ मिमीवर साधारण १० मिनिटं ४० सेकंद चालतं, आणि तेवढंच ४०० फुटांचं मॅगझिन ३५ मिमीवर २४ चौकटींनी जेमतेम साडेचार मिनिटं. १६ मिमीचा कॅमेरा हलका, फिल्म स्वस्त, आणि चौकट लहान असल्यामुळे त्याच दृश्यकोनाला लेन्स जवळपास निम्म्या फोकल लांबीची लागते, त्यामुळे फोकसची खोली बरीच जास्त मिळते. लांब, फिरते शॉट घ्यायचं धाडस तिथे परवडतं. धाडस परवडलं की हात बसतो.

राइनर वेर्नर फासबिंडर या जर्मन दिग्दर्शकाबरोबरचं पहिलं काम 'व्हाइटी', १९७० साली स्पेनच्या आल्मेरिया भागात झालेलं. तिथून १९७९च्या 'मारिया ब्राउनचं लग्न'पर्यंत दोघांनी पंधराच्या आसपास चित्रपट आणि टीव्हीपट केले. फासबिंडर १९८२ साली वयाच्या ३७व्या वर्षी गेला, तोवर त्याच्या नावावर चाळीसच्या आसपास कामं होती. यावरून त्याच्या सेटवरचा वेग लक्षात येईल. 'पेट्रा फॉन कांटचे कडू अश्रू' हा १९७२चा दोन तासांचा चित्रपट एका खोलीत, फक्त स्त्री पात्रं घेऊन, १० दिवसांत पुरा झाला. भिंतभर मोठं चित्र, एक पलंग, कपड्यांचे पुतळे, एवढाच ऐवज. तिथे दृश्य बदलायला जागाच बदलता येत नाही, म्हणून कॅमेऱ्याची उंची, अंतर आणि चौकटीत पुढे काय ठेवायचं हेच बदलत राहतं. एका फ्लॅटमध्ये लघुपट करणाऱ्याने हा चित्रपट आवाज बंद करून एकदा जरूर पाहावा. पलंगाच्या कठड्याआडून, पुतळ्याच्या खांद्यावरून, जमिनीलगत: तीच खोली दर वेळी नवी दिसते, आणि त्यासाठी वेगळे दिवे लागत नाहीत.

१९७३चा 'तारेवरचं जग' हा दोन भागांचा टीव्हीपट 'डब्ल्यूडीआर' या जर्मन प्रसारण संस्थेसाठी १६ मिमीवर झाला. त्यात आरसे आणि काचा इतक्या आहेत की कॅमेरा लपवायचा कुठे हा प्रश्न शॉटगणिक सोडवावा लागला असणार. जुन्या १६ मिमी टीव्हीपटातही रंग आणि काळोख किती गहिरा होता हे बघायचं असेल तर २०१०च्या बर्लिन महोत्सवात दाखवलेली जीर्णोद्धार केलेली प्रत शोधा. तिचं काम बालहाउसच्या देखरेखीखाली झालं.

आता तो गोल. १९७४चा 'मार्था', हाही टीव्हीसाठी, १६ मिमीवर. मार्गिट कार्स्टेन्सन आणि कार्लहाइन्झ ब्योम यांची पात्रं रोममध्ये, जर्मन वकिलातीजवळ, एकमेकांना पहिल्यांदा ओलांडून जातात. संवाद नाही. फासबिंडरच्या डोक्यात अर्धा गोल होता, पूर्ण गोल करू या असं बालहाउसने सुचवलं. मग नटांनाही वळवायचं ठरलं: ती चालत येते, तो चालत येतो, समोरासमोर आल्यावर दोघंही स्वतःभोवती वळतात आणि कॅमेरा त्या दोघांभोवती पूर्ण फिरतो. मग दोघं आपापल्या वाटेने जातात. शॉट काही सेकंदांचाच आहे. कॅमेऱ्याची फिरकी आणि माणसांची फिरकी एकमेकांत गुंतल्यामुळे कोण कोणाभोवती फिरतंय हे डोळ्याला ठरवता येत नाही, आणि या बाईचं पुढे काय होणार हे पोटात कळतं. शॉट मंद करून पाहिलात तर आणखी एक व्यावहारिक गोष्ट लक्षात येईल. पूर्ण गोलात रूळ नटांच्या वाटेत येतात. बाहेरून आत येणाऱ्याने एकदा आणि बाहेर जाताना पुन्हा एकदा ते ओलांडायचे असतात. पावलं चौकटीत नसतील तरच हे जमतं, म्हणजे शॉट गुडघ्यांच्या वरूनच कापावा लागतो, आणि रूळ ओलांडताना नटाची मान खाली जाता कामा नये. त्यासाठी नटाला पावलं मोजून देतात: सहावं पाऊल रुळापलीकडे.

जर्मन सिनेमावाले या फिरकीला बालहाउसच्याच नावाने ओळखतात. पुढे 'द फॅब्युलस बेकर बॉइज'मध्ये (१९८९) मिशेल फायफर पियानोवर गाते तेव्हा कॅमेरा पियानोभोवती फिरतो, ती याचीच मोठी बहीण.

आता लावायचा कसा, ते बैजवार.

आधी जागा. दोन माणसं मध्ये उभी, कंबरेपासून वरची चौकट, ३५ मिमी लेन्स, सुपर ३५ आकाराचा (३५ मिमी सिनेफिल्मच्या चौकटीएवढा) सेन्सर: यासाठी २ मीटर त्रिज्या सोयीची. त्रिज्या मोजायची ती दोन रुळांच्या मधल्या रेषेपर्यंत, कारण कॅमेरा तिथे असतो. नेहमीच्या ट्रॅकच्या दोन रुळांत ६२ सेंटीमीटर अंतर असतं, म्हणजे बाहेरचा रूळ मध्यापासून २.३१ मीटरवर. त्यापलीकडे ट्रॉलीचा भाग, ढकलणारा माणूस आणि फोकस पुलर, म्हणजे शॉट चालू असताना फोकस जुळवणारा सहायक. म्हणून खोली मोकळी ६ मीटर बाय ६ मीटर हवीच. पाच मीटरच्या खोलीत हा ट्रॅक बसवायला गेलात तर ढकलणाऱ्याची पाठ भिंतीला घासते आणि नेमकी त्याच कोपऱ्यात गती तुटते.

गोल ट्रॅकचे तुकडे भाड्याने घेताना त्रिज्या विचारा, आणि सगळे तुकडे एकाच संचातले आहेत ना ते आधी जमिनीवर जोडून बघा. ४५ अंशांचे असतील तर आठ तुकडे, म्हणजे आठ सांधे. दोन वेगळ्या कंपन्यांचे तुकडे मिसळले की शेवटचा सांधा बोटभर उघडा राहतो आणि तो जोराने आवळून बसवला की सगळा गोल अंडाकृती होतो. ट्रॉलीची चाकं वळणारी हवीत, म्हणजे चार-चार चाकांचे जोड स्वतःच्या खिळीवर फिरणारे. सरळ ट्रॅकची घट्ट चाकं गोलावर रुळाला घासत जातात, आधी किरकिरतात आणि मग अडकतात.

सपाटी हे सगळ्यात वेळखाऊ काम, आणि तिथेच लोक घाई करतात. जमिनीचा सगळ्यात उंच बिंदू शोधा. ट्रॅकचा तेवढा भाग जमिनीवर टेकू द्या आणि बाकी सगळा त्या पातळीला उचला. उलटं केलंत, म्हणजे खोलगट बाजूपासून सुरुवात केलीत, तर शेवटी उंचवट्यावर ट्रॅक खाली घालायला जागाच उरत नाही. प्रत्येक सांध्याखाली दोन्ही रुळांना लाकडी पाचरी, जोडीजोडीने समोरासमोर ठोकलेल्या, म्हणजे त्या सरकत नाहीत. पाणसळ दोन दिशांनी लावायची: एकदा रुळाच्या लांबीवर, एकदा दोन्ही रुळांवर आडवी. आडवी चूक जास्त वाईट, कारण त्यात क्षितिज कलतं, आणि गोलात ते कलणं फिरत राहतं. मागची दाराची चौकट एकदा डावीकडे झुकते, एकदा उजवीकडे. हे मॉनिटरवर जाणवत नाही, मोठ्या पडद्यावर लगेच कळतं. पाचरी ठोकून झाल्यावर ट्रॉलीवर पूर्ण वजन, म्हणजे कॅमेरा आणि माणसं चढवून दोन फेऱ्या मारा आणि पुन्हा पाणसळ लावा. लाकूड वजनाखाली दबतं. पहिली सपाटी कधीच शेवटची नसते. रूळ कोरड्या फडक्याने पुसून त्यावर टाल्कम पावडरचा हलका हात फिरवला की किरकिर जाते. तेल लावू नका, धूळ चिकटते आणि धुळीचा प्रत्येक कण चाकाखाली टकटक करतो.

वेग. २ मीटर त्रिज्येचा परीघ १२.५७ मीटर. २० सेकंदांत फेरी म्हणजे सेकंदाला साधारण ६३ सेंटीमीटर, सावकाश चालण्याइतका वेग. पण शॉट २० सेकंदांचा असला तरी ट्रॉली शून्यापासून वेग घेते, म्हणून सुरुवातीआधी ३० अंश आणि नंतर ३० अंश जादा धरा. ४२० अंशांचा प्रवास म्हणजे सुरुवातीचा तुकडा पुन्हा ओलांडायचा. तिथे कोणी पाचर ठोकायला वाकलेला असेल तर सगळं बिघडतं.

मागची भिंत थरथरते अशी तक्रार नेहमी येते. तिचं कारण साधं आहे. पॅन करताना, म्हणजे कॅमेरा जागेवरच आडवा वळवताना, एखादी वस्तू चौकटीच्या एका कडेपासून दुसऱ्या कडेला जायला २४ चौकटींच्या वेगात निदान सात सेकंद लागावेत असा जुना आडाखा आहे. गोलात तो पाळणं जवळपास अशक्य. भिंत मध्यापासून ४ मीटरवर, त्रिज्या २ मीटर, फेरी २० सेकंदांची असेल तर ३५ मिमी लेन्सच्या चौकटीतून भिंतीवरची खिडकी सव्वातीन सेकंदांत पार होते. ५० मिमी लावली तर सव्वादोन सेकंदांच्या आसपास. तरीही शॉट चालतो, कारण प्रेक्षकाचा डोळा चेहऱ्यावर खिळलेला असतो आणि चेहरा चौकटीत स्थिर असतो. म्हणून दोन गोष्टी पाळा: चेहरा चौकटीत डोलू देऊ नका, आणि भिंतीवर उभ्या, ठळक, काळ्या-पांढऱ्या रेघा ठेवू नका. खिडकीचे गज, उभे पडदे, पुस्तकांच्या कडा सगळ्यात आधी थरथरतात.

फोकस. माणूस एकटा आणि अगदी मध्यावर असेल तर अंतर बदलतच नाही, फोकस पुलरला काम नाही. दोघं समोरासमोर ७० सेंटीमीटर अंतरावर उभे असतील तर प्रत्येक जण मध्यापासून ३५ सेंटीमीटर सरकलेला. म्हणजे २ मीटर त्रिज्येवरून कॅमेऱ्याचं एका चेहऱ्यापासूनचं अंतर १.६५ ते २.३५ मीटर असं बदलत जातं. ३५ मिमी लेन्स २ मीटरवर फोकस करून टी २.८ (लेन्सचं छिद्र; आकडा लहान तितकं छिद्र मोठं) ठेवली तर साधारण १.८ ते २.२५ मीटर तीक्ष्ण येतं, म्हणजे दोन्ही टोकांना चेहरा मऊ पडतो. ५.६ ठेवलीत तर १.६५ ते २.५५ पर्यंत सगळं झाकलं जातं आणि फोकसला हात लावावा लागत नाही. मध्ये कुठे राहायचं असेल तर रुळालगत जमिनीवर दर पाव फेरीला रंगीत टेप लावा आणि फोकस पुलरला ट्रॉलीवरच बसवा. तो बाहेर मॉनिटरशी बसला तर कॅमेरा कोणत्या पावात आहे हे त्याला अर्धा सेकंद उशिरा कळतं. बालहाउसला १६ मिमीवर हे ओझं बरंच हलकं होतं. आजच्या मोठ्या सेन्सरवर टी १.४ ठेवून राउंड ट्रॉली मारणारे विनाकारण स्वतःचा जीव धोक्यात घालतात.

प्रकाशात खरी परीक्षा. कॅमेरा चारही भिंती बघतो, त्यामुळे स्टँड कुठेही उभा राहू शकत नाही. उरतं काय? वरून, खिडकीबाहेरून, आणि खोलीतच शोभणारे दिवे: टेबललॅम्प, भिंतीवरचा दिवा. त्यात कॅमेऱ्याची सावली. हिशेब करा: ट्रॉलीवर बसलेल्या ऑपरेटरचं डोकं १.७५ मीटर उंच, माणसापासून २ मीटरवर. दिवा ३५ अंशांवरून येत असेल तर दोन मीटरमध्ये सावली १.४ मीटर खाली उतरते आणि नटाच्या नडगीवर पडते, चौकटीबाहेर. १५ अंशांवरून आला तर तीच सावली थेट छातीवर. आता चेहऱ्यापासून ४ मीटर दूर असलेला दिवा ३५ अंशांवर आणायचा तर तो जमिनीपासून ४.३ मीटर उंच हवा. फ्लॅटमध्ये छत असतं तीन मीटरच्या आत. म्हणून फ्लॅटमध्ये मुख्य प्रकाश मध्याच्या वरच, छताला टांगलेल्या हलक्या सपाट एलईडीतून घ्यावा, त्याला खालून जाळीदार कापड आणि चारी बाजूंनी काळ्या कापडाची झालर, म्हणजे भिंतीवर सांडत नाही. डोळ्यांत काळे खड्डे पडतील, ते टेबलावर पांढरं कापड अंथरून, किंवा जमिनीवर चौकटीखाली थर्माकोल आडवा टाकून उचलायचे.

खिडकीचा एकच दिवा असेल तर अर्ध्या फेरीत तो चेहऱ्यावर असतो आणि उरलेल्या अर्ध्यात चेहऱ्यामागे. हा बदल चुकीचा नाही. प्रसंगाला तो हवा असेल तर तोच शॉटचा अर्थ होतो. कोणत्या वाक्याला चेहरा उजेडात आणि कोणत्या वाक्याला काळोखात, हे दिग्दर्शकाशी आधी ठरवा आणि सुरुवातीचा कोन त्याप्रमाणे निवडा. बदल नको असेल तर समोरासमोरच्या दोन दिव्यांना डिमर लावा: कॅमेरा एकाच्या समोरून जाताना तो उतरवायचा, दुसरा चढवायचा, दोन-तीन सेकंदांत, कॅमेरा मधल्या कडेवर असताना. दिवे एलईडी असावेत. टंगस्टन (तारेचा पिवळट दिवा) उतरवला की तांबूस होत जातो आणि चेहऱ्याचा रंग फिरतो.

भिंतीवरच्या फोटोंच्या काचा हमखास विसरल्या जातात. कॅमेरा समोरून जाताना प्रत्येक काचेत ट्रॉली दिसते. फोटोच्या वरच्या कडेमागे कागदाची जाड घडी घालून काच थोडी खाली झुकवा, प्रतिबिंब जमिनीकडे जातं. टीव्ही बंद असला तरी काळ्या काचेत सगळं दिसतं, तो सरळ हलवावा. फेरी सुरू व्हायच्या आधी एका माणसाने मोबाइल कॅमेऱ्याच्या उंचीवर धरून ट्रॅकवरून पूर्ण चालून चित्रफीत घ्यावी. दहा मिनिटांचं काम, पण पुढचा तास वाचतो.

केबल एका फेरीत ट्रॉलीभोवती गुंडाळली जाते. चित्र मॉनिटरकडे बिनतारी पाठवा, नाहीतर केबल छताच्या मध्यावरून लोंबती ठेवा आणि दर टेकनंतर ट्रॉली उलटी फिरवून पीळ सोडवा. बूम, म्हणजे लांब काठीवरचा माइक, गोलात चालत नाही: कुठूनही आला तरी अर्ध्या फेरीत दिसतो किंवा सावली टाकतो. कपड्यात लपवलेले माइक आणि मध्यावर टांगलेला एक माइक, एवढं पुरतं. 'मार्था'तल्या त्या शॉटला संवाद नाहीत हेही ध्यानात घ्या. संवाद असलेला गोल करताना आवाजाचा माणूस पहिल्या दिवसापासून बैठकीत हवा.

आणि गोल कापता येत नाही. मध्येच क्लोजअप घालून परत गोलात यायचं तर मागची भिंत जिथे सोडली होती तिथूनच पुढे सरकलेली असावी लागते, शिवाय दिशाही तीच. म्हणून दोन टेक जोडायचे असतील तर जोडायची जागा सेटवरच ठरवा: एखाद्याची पाठ चौकट पूर्ण झाकते तो क्षण. आजच्या बऱ्याच मालिकांत बातमी ऐकून धक्का बसलेल्या माणसाभोवती कॅमेरा तीन-तीनदा फिरवतात. प्रसंगात त्या वेळी काहीही बदलत नसतं, त्यामुळे दुसऱ्या फेरीला प्रेक्षक भिंत बघायला लागतो. गोलाच्या सुरुवातीला एक नातं आणि शेवटी दुसरं, असं नसेल तर सरळ ट्रॅक किंवा स्थिर चौकट केव्हाही बरी.

आता अमेरिकेकडे. 'मारिया ब्राउन'नंतर फासबिंडरची साथ सुटली. १९८०ची 'बर्लिन अलेक्झांडरप्लात्झ' ही टीव्ही मालिका क्साव्हेर श्वार्त्सेनबर्गर यांनी १६ मिमीवर चित्रित केली. बालहाउस न्यूयॉर्ककडे वळला. १९८३चा जॉन सेल्स यांचा 'बेबी इट्स यू', आणि १९८५चा स्कॉर्सेसीचा 'आफ्टर अवर्स'. हा चित्रपट जवळपास पूर्ण रात्रीचा, न्यूयॉर्कच्या सोहो भागातला, त्या काळच्या हॉलीवूडच्या मानाने छोट्या बजेटचा. अशा कामाला एका रात्रीत बरेच शॉट उरकू शकणारा, तरीही कॅमेरा फिरता ठेवणारा माणूस हवा होता. फासबिंडरकडे दहा वर्षं काढलेल्याला ते नवं नव्हतं. त्याच वर्षी त्याने फोल्कर श्लोन्डॉर्फबरोबर टीव्हीसाठी 'डेथ ऑफ अ सेल्समन' केला, डस्टिन हॉफमनला घेऊन. म्हणजे पन्नाशीतही टीव्हीपट हे कमी दर्जाचं काम त्याने मानलं नाही.

एक फरक इथे समजून घ्यावा. जर्मनीत तो कॅमेरा स्वतः चालवत असे. अमेरिकेत युनियनच्या पद्धतीप्रमाणे छायालेखक आणि कॅमेरा ऑपरेटर ही दोन वेगळी माणसं. ज्याच्या हाताला ट्रॉलीची चाल माहीत आहे, त्याला ती दुसऱ्याला शब्दांत सांगावी लागते. 'गुडफेलाज'मधला (१९९०) नाइटक्लबच्या मागच्या दारापासून टेबलापर्यंतचा प्रसिद्ध शॉट लॅरी मॅककॉन्की यांनी स्टेडिकॅमवर (अंगावर बांधून कॅमेरा स्थिर ठेवणारं साधन) चालवला. प्रकाश, वाटेतले कोपरे, स्वयंपाकघरातली लगबग हे जुळवणं छायालेखकाचं. फिरत्या शॉटचं श्रेय एका माणसाला देता येत नाही.

त्याच चित्रपटात उपाहारगृहातल्या खिडकीपाशी दोघं समोरासमोर बसलेत आणि त्यांच्या मागच्या रस्त्याचं अंतर हळूहळू बदलतं. ट्रॉली आणि झूम एकाच वेळी, उलट दिशांना. याचं सूत्र सोपं आहे: अंतर भागिले फोकल लांबी कायम ठेवायची. १.८ मीटरवर ३५ मिमी असेल तर ३.६ मीटरवर ७० मिमी. अडचण येते ती मधल्या टप्प्यांत, कारण झूमच्या कड्यावरचे आकडे समान अंतरावर नसतात. रुळावर दर ३० सेंटीमीटरला खूण आणि कड्यावर तिची जोडीदार खूण: इथे २.१ मीटरला ४१ मिमी, २.४ला ४७, २.७ला ५२.५. ट्रॉलीवाल्याने खुणा मोठ्याने म्हणायच्या आणि झूमवाल्याने त्या धरायच्या. सावकाश केलात तर प्रेक्षकाला तंत्र दिसत नाही, नुसतं अस्वस्थ वाटतं. भरभर केलात तर नुसतं तंत्रच दिसतं.

बाकीची यादी पटकन सांगतो: 'द कलर ऑफ मनी', 'ब्रॉडकास्ट न्यूज', 'द लास्ट टेम्प्टेशन ऑफ क्राइस्ट', कपोलांचा 'ड्रॅक्युला', 'द एज ऑफ इनोसन्स', 'एअर फोर्स वन', रोमच्या चिनेचित्तामध्ये उभारलेल्या न्यूयॉर्कमधला 'गँग्स ऑफ न्यूयॉर्क', आणि २००६चा 'द डिपार्टेड'. मॅडोनाच्या 'पापा डोन्ट प्रीच'चा व्हिडिओही त्याचाच. 'ब्रॉडकास्ट न्यूज', 'बेकर बॉइज' आणि 'गँग्स'साठी तीनदा ऑस्करचं नामांकन मिळालं, पुरस्कार एकदाही नाही. पुढे काचबिंदूने दृष्टी मंदावत गेली. तरी २०१३चा '३०९६ दिवस' त्याने पत्नी शेरी होर्मान हिच्या दिग्दर्शनात केला. २०१६ साली बर्लिन महोत्सवाने सन्मानाचं सोनेरी अस्वल दिलं आणि १२ एप्रिल २०१७ रोजी तो बर्लिनमध्येच गेला. मुलगा फ्लोरियान बालहाउस हाही छायालेखक आहे.

'जर्मन कॅमेरामन आणि आपण' याचा धागा खरं तर बालहाउसच्याही मागे जातो. म्युनिकचे जोसेफ विर्शिंग १९३०च्या दशकात मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये आले. १९३६चा 'अछूत कन्या' आणि पुढे १९४९चा 'महल' त्यांचे. विर्शिंग यांचा काळोख आणि बालहाउसची फिरकी या वेगळ्या परंपरा आहेत, त्यांची सरमिसळ करू नये. पण 'महल'मधली सावली आणि 'मार्था'तला गोल शेजारी ठेवून पाहिले तर स्थिर कॅमेरा गूढ कसं साधतो आणि फिरता कसं, हे एका संध्याकाळी समजतं.

अभ्यासाला बसायचं असेल तर क्रम असा धरा: 'पेट्रा', मग 'मार्था', मग 'बेकर बॉइज'. प्रत्येक फिरता शॉट घड्याळ लावून मोजा, किती सेकंद, किती अंश, आणि कोणत्या अंशावर चेहरा उजेडात येतो ते वहीत गोल काढून खुणा करा. मग आपल्या खोलीत खडूने २ मीटर त्रिज्येचा गोल आखा. मध्ये एका माणसाला उभं करा, खोलीत एकच टेबललॅम्प लावा, आणि मोबाइल छातीशी धरून २० सेकंदांत एक फेरी चाला. ट्रॅक भाड्याने आणायच्या आधी ही फेरी दहा वेळा मारा. कुठे सावली येते, कुठे भिंत थरथरते, कुठल्या पावलाला चेहरा सुंदर दिसतो, हे त्या खडूच्या रेषेवरच लिहून ठेवता येतं.